अक्काची कॅसेट

भिंगारला आम्ही राहायचो त्या लाईनीतल्या खोल्यांच्या मधल्या भिंती वरपर्यंत गेलेल्याच नव्हत्या. मालकाने विटा वाचवल्या, दुसरं काय! पत्र्याखाली हातभर फट सोडून दिली आणि वर आम्हालाच ऐकवायचा, हवा खेळती राहते म्हणून. हवा कसली, डोंबल! खेळायचे ते आवाज आणि फोडणीचे वास. या टोकाला कुणी शिंकलं की त्या टोकाचा म्हातारा खाटेवरूनच विचारायचा, "बरं न्हाई का रं?" पहाटे छावणीतला बिगूल वाजायचा, मग नळावरच्या बादल्या, मग दादांचं खोकणं. रणगाडे सरावाला निघाले की जमीन हलल्यासारखी व्हायची आणि फळीवरची पितळी भांडी किणकिणायला लागायची. आई स्वयंपाक करता करता उठायची आणि हात लावून त्यांना गप्प करायची, रडक्या पोराच्या पाठीवर हात ठेवावा तशी. मला आजही रस्त्यावरून मोठा ट्रक गेला की आधी फळीकडे बघायची सवय आहे. सून हसते. हसू दे.

दादा छावणीत सुतार होते. टेबलं, खुर्च्या, दारं, नेमबाजीच्या फळ्या, जे सांगतील ते करायचे. आई तिसगावची, कोरडवाहू मुलखातली, बोलण्यात तशीच कोरडी. लाडाचा शब्द तिच्या तोंडून निघाला तर दादा म्हणायचे, "आज बरं वाटत नाही का तुला?" तिच्या माहेराहून आलेली एकच गोष्ट तिला जिवापाड होती, ती म्हणजे लोखंडी खलबत्ता. त्यात ती शेंगदाण्याची चटणी कुटायची, लसूण कुटायची, शेंगोळ्यांचं वाटण कुटायची. शेजारणी म्हणायच्या, मिक्सर घे की गं आता. ती म्हणायची, "मिक्सरची चटणी म्हंजी तोंडातल्या तोंडात बोलल्यागत." संध्याकाळी खोलीत बुद्धवंदना व्हायची, दिवा लागायचा आणि मग आम्ही तिघं बाजरीची भाकरी कुस्करून जेवायचो. लाईनीत दोन घरं अशी होती की आमच्याकडचं पाणी पीत नव्हती. त्याचं आईला काही वाटत नव्हतं असं ती सांगायची. मला तेव्हाही ते खरं वाटलं नाही.

शेजारच्या खोलीत सेल्वी अक्का राहायला आली तेव्हा मी आठवीत असेन. तिचा नवरा मुरुगेशन फौजेत हवालदार. छावणीत क्वार्टर रिकामं नव्हतं म्हणून ते बाहेर भाड्याने आले. आम्ही त्याला अण्णा म्हणायचो. बरोबर एक गोबरी मुलगी, मल्ली, चार वर्षांची. आल्या दिवशी सामान उतरवून होतंय न होतंय तोवर अक्का आमच्या दारात येऊन उभी राहिली. केसांत गजरा, हातात रिकामा तांब्या. भाषा येत नव्हती, म्हणून तिने नुसता तांब्या पुढे केला. आईने भरून दिला. अक्काने तिथंच उभ्याने निम्मा पिऊन टाकला आणि हसली. झालं, त्या घोटावर आईने तिला कायमचं आपलं म्हणून टाकलं. पुढे अक्का आईकडूनच मराठी शिकली. त्यामुळे मद्रासची बाई अस्सल तिसगावचं बोलायची, फक्त सुरात पोहल्यासारखी. "वैनी, लई ऊन हाय आज," असं ती म्हणायची तेव्हा 'लई' एवढा लांबायचा की आम्ही पोरं मागे उभं राहून तिची नक्कल करायचो. तिला राग यायचा नाही. उलट आमची नक्कल कुठं चुकली ते सांगायची.

कारण आवाज हे तिचं कामच होतं. लग्नाआधी ती मद्रासला सिनेमांच्या स्टुडिओत आवाज द्यायची. हिंदी, तेलुगू, इंग्रजी, कुठलेही सिनेमे तिकडे तमिळमध्ये यायचे आणि पडद्यावरच्या बाईच्या तोंडी कुणा दुसरीचं बोलणं घालायचे. आम्हाला हे माहीतच नव्हतं. मला वाटायचं, सिनेमातल्या नट्यांना सगळ्या भाषा येत असणार, एवढ्या मोठ्या बायका त्या! अक्काने ते सगळं समजावून सांगितलं. काळोख्या खोलीत पडद्यावर एकच तुकडा पुन्हा पुन्हा फिरवतात. समोर माईक. हातात बांगड्या चालत नाहीत, खळ घातलेली साडी चालत नाही, सळसळते. उपाशीपोटी जायचं नाही, कारण माईकला पोटातली गुरगुर ऐकू जाते. आणि डोळे सगळा वेळ त्या बाईच्या ओठांवर. तिचे ओठ मिटले की आपला शब्दही मिटला पाहिजे. हिंदीतल्या 'माँ'ला तमिळमधलं 'अम्मा' चालतं, कारण ओठ तिथंच मिटतात. "पन हिंदी लवकर सपतं, वैनी. तमिळ सपतच न्हाई. हीरोचं तोंड बंद झालं आन आपलं वाक्य उरलं, मग काय करायचं?" आई म्हणाली, "काय करायचं?" "तो पाठ फिरवतो ना, तवा त्याच्या पाठीवर टाकायचं." आई एवढी हसली की तवा उतरवायला विसरली आणि भाकरी करपली.

त्याचाच मग आमच्याकडे खेळ सुरू झाला. अण्णाने कॅन्टीनमधून टीव्ही घेतला होता. रविवारी संध्याकाळी हिंदी सिनेमा लागला की अर्धी लाईन त्यांच्या खोलीत. इडल्यांचं भांडं मध्ये, आमच्या घरून ठेचा. थोडा सिनेमा बघून झाला की पोरं ओरडायची, "अक्का, आता तू!" मग अक्का उठून आवाजाचं बटण पार खाली फिरवायची आणि पडद्याशेजारी उभी राहायची. नायिका तीच, नायिकेची सासू तीच, हवालदार तीच, दूधवाला तीच. सगळे तमिळ. आम्हाला एक अक्षर कळत नव्हतं आणि तरी सगळं कळायचं. नायकासाठी मला उभं करायची. मी मराठीत काहीही ठोकून द्यायचे, "अगं ए, जेवायला काय केलंय?" ती तमिळमध्ये उत्तर द्यायची, आणि पडद्यावरचे दोघं बिचारे बर्फात गाणं म्हणायच्या तयारीत असायचे. पोटं दुखेपर्यंत हसायचो. आता नातवाच्या फोनवर कुठलाही सिनेमा कुठल्याही भाषेत लागतो, बोट लावलं की झालं. परवा त्याने दाखवलं, तिकडचा नट चक्क स्वतःच्याच आवाजात हिंदी बोलत होता. म्हटलं, शिकला वाटतं. तर नातू म्हणतो, "नाही गं आजी, कॉम्प्युटर त्याचा आवाज बनवतो." म्हणजे आता माईकपुढे उभं राहायला कुणी लागत नाही. बांगड्या घालून बसा नाहीतर पोट गुरगुरू द्या, कुणाला फरक पडत नाही.  त्या दिवशी मला जेवण गेलं नाही, हे खरं.

अक्काने एकाच सिनेमात नायिकेला आवाज दिला होता. बाकी सगळीकडे मैत्रीण, नर्स, गर्दीतली बाई. तो सिनेमा मूळचा हिंदी, आम्ही तिसगावच्या बाजारतळावर तंबूत पाहिलेला. तंबूतल्या कण्हत चालणाऱ्या पंख्यासकट तो मला आठवतो. अक्काने त्यातल्या नायिकेचं सगळं बोलणं तमिळमध्ये केलं, शेवटच्या तुकड्यापर्यंत, आणि लगेच तिचं लग्न ठरलं. सिनेमा लागला तेव्हा ती सासरी, वेल्लोरकडच्या खेड्यात. बघायचं राहूनच गेलं. आणि पडद्यावर आवाज देणाऱ्यांचं नाव कुठं येतंय? त्यामुळे तिच्याकडे दाखवायला काही नव्हतं. छावणीतल्या तमिळ बायका तिची थट्टा करायच्या. त्यात सुभेदारांची बायको राजम्मा पुढे. ती म्हणायची, मद्रासची प्रत्येक पोरगी हेच सांगते. अण्णाही नुसता हसायचा. हो म्हणायचा नाही, नाही म्हणायचा नाही. मल्ली मात्र विचारायची, "अम्मा, तू टीव्हीत कधी बोलणार?" अक्काला तेवढंच पाहिजे होतं. तो सिनेमा एकदा मिळावा, नवऱ्याने आणि लेकीने तिचा आवाज ऐकावा, आणि राजम्मानेही. रजेवर जाणाऱ्या प्रत्येक जवानाला ती सिनेमाचं नाव सांगायची. ते लोणचं आणायचे, कॉफी आणायचे, दुसऱ्याच सिनेमांच्या कॅसेटी आणायचे.

मधल्या काळात एक वाईट गोष्ट घडली. अण्णा बॉर्डरवर होता आणि अक्काला दिवस गेलेले होते. सातव्या महिन्यात तिला दवाखान्यात न्यावं लागलं. आई बरोबर गेली. मूल हाती लागलं नाही. अक्का दवाखान्यात रडली नाही, घरी आल्यावर रडली नाही. दुसऱ्या दिवशी गजरा माळून दारापुढे रांगोळी घातली. लाईनीतल्या बायका म्हणाल्या, काय दगडाची बाई आहे! पण दुपारी, मल्ली झोपली आणि लाईन सामसूम झाली की पलीकडून आवाज यायचा. मोठा नाही. आधी श्वास आत ओढलेला, गार पाण्याचा तांब्या एकदम अंगावर घेतल्यावर अडकतो तसा अडकलेला, आणि मग बारीक, लांबच लांब. मी आईकडे बघायचे. मला वाटायचं, ही आता उठून जाईल, तिला जवळ घेईल. आई जागची हलायची नाही. ती खलबत्ता पुढे ओढायची आणि कुटायला लागायची. दाणे असले तर दाणे, नसले तर नुसतं मीठ. ठण ठण ठण, सगळ्या लाईनीला ऐकू जाईल असं. मला त्या आवाजाचा राग यायचा. एकदा मी म्हटलंच, "आई, ती रडतेय आणि तुला चटणी सुचतेय?" आई कुटता कुटताच म्हणाली, "गप. वरची फट बघ की. हिचं रडनं सगळ्या लाईनीनं ऐकावं का?" पलीकडचा आवाज थांबेपर्यंत ती कुटत राहायची. दोघींनी या गोष्टीचा उच्चार कधीच केला नाही. संध्याकाळी नळावर भेटल्या की पाणी किती वेळ येतंय एवढंच बोलायच्या. त्या उन्हाळ्यात आम्ही एवढी चटणी खाल्ली की दादा म्हणाले, भाजी नावाचा पदार्थ राहिलाय का जगात?

अण्णा परतला तेव्हा त्याला सगळं कळलेलं होतं. तो दारात बसून आईचे आभार मानत होता. मोडक्या हिंदीत म्हणाला, "भाभी, मेरी सेल्वी मजबूत है. रोती नहीं." अभिमानाने म्हणाला बिचारा. अक्का आत दोसे घालत होती. तिची पाठ आमच्याकडे होती. आई म्हणाली, "व्हय भाऊजी, लई धीराची हाय." आणि विषय संपला.

पुढच्या रजेला अण्णा गावी गेला आणि परत येताना ती कॅसेट घेऊन आला. कुणाला न सांगता मद्रासच्या बाजारात दुकानं पालथी घातली होती त्याने. अक्काच्या हातात वर्तमानपत्रात गुंडाळलेली ठेवली. तिने कागद काढला, नाव वाचलं आणि तिथंच पायरीवर बसली. मग उठून आमच्या घरात आली. "वैनी, मिळालं. माझं बोलनं मिळालं." त्यांच्याकडे व्हीसीआर नव्हता, म्हणून कॅसेट रविवारपर्यंत देवाच्या फोटोपुढे ठेवली. अण्णाने नगरातल्या व्हिडिओवाल्याकडून मशीन भाड्याने आणलं, सायकलच्या कॅरियरला बांधून, पोराला धरावं तसं एका हाताने धरून. दुपारी खिडकीला गोधडी लावून अंधार केला. राजम्माला स्वतः अक्का बोलवून आली. तमिळ बायका पुढे, आम्ही लाईनवाले मागे. आई भुईमुगाच्या शेंगा फोडायला सूप मांडीवर घेऊन दाराशी बसली. तिला नुसतं बसवत नसे. मल्लीला नवा फ्रॉक घातला होता. अक्काने बांगड्या काढून ठेवल्या होत्या. का, ते तिलाच माहीत.

सिनेमा सुरू झाला. नायिका हसत जिना उतरून आली, बोलली. आवाज अक्काचा नव्हता. जाड, गोड, साखरेचा पाक जरा जास्तच झालेला आवाज. तमिळ बायकांनी तो लगेच ओळखला. कुणी नावाजलेली आवाज देणारी बाई होती म्हणे ती. मल्लीने मागे वळून विचारलं, "अम्मा, ही तू?" अक्का म्हणाली, "थांब. पुढं येईल." पुढचा प्रसंग आला, तोच आवाज. त्याच्या पुढचा आला, तोच. अक्काचे ओठ अंधारात हलत होते. मी तिच्या शेजारी बसले होते म्हणून मला दिसलं. प्रत्येक वाक्य ती आवाज न काढता म्हणत होती, आणि तिचे ओठ पडद्यावरच्या ओठांबरोबर मिटत होते. तिला सगळं पाठ होतं. ज्या बाईने कधी ते केलंच नाही तिला इतकं पाठ असेल का हो? पण हे फक्त मला दिसत होतं, आणि मी पंधरा वर्षांची पोरगी, कुणाला काय सांगणार! राजम्माने शेजारणीला कोपराने ढोसलं. अण्णा पडद्याकडे न बघता स्वतःच्या गुडघ्यांकडे बघत होता. मध्यंतर झालं. चहा आला. लाईनीतली एक बाई कनवाळूपणे म्हणाली, "सिनेमात आवाज बदलतोच गं." मला तिला चिमटा काढावासा वाटला. अक्काने सगळ्यांना चहा दिला, तिचा स्वतःचा कप तसाच राहिला, त्यावर साय धरली.

मग तो प्रसंग आला. नायिकेला तार येते, घरचं माणूस गेल्याची. ती दारातच खाली बसते आणि रडते. तंबूत पाहिलं तेव्हा हिंदीतली बाई छाती पिटून रडली होती, बायकांनी पदर डोळ्यांना लावले होते. इथं तसं नव्हतं. इथं आधी श्वास आत ओढला गेला, अडकला, आणि मग बारीक, लांबच लांब. आईच्या हातातली शेंग तशीच राहिली. तिला तमिळचा तर गंधही नव्हता. शब्द कळत नव्हते म्हणून ती सबंध सिनेमाभर नुसता आवाजच ऐकत बसली होती. ती मोठ्याने बोलून गेली, "अगं बया! ही तर आपली सेल्वी रडतीय!"

खोलीत सगळे मागे वळले. पडद्यावर रडणं चालूच होतं. राजम्माने कान दिला, तिचं तोंड उघडं पडलं. आईने म्हटल्यावर आवाज तिलाही ओळखू आला असावा; आधी कसा येणार, अक्काला रडताना तिने कधी ऐकलंच नव्हतं. अण्णा उठून उभा राहिला. आईला म्हणाला, "भाभी, आपको कैसे मालूम? ये तो कभी रोती नहीं." त्याच्या आवाजात भांडण नव्हतं, त्याला खरंच विचारायचं होतं. आईला तेव्हा कळलं आपण काय बोलून बसलो ते. तिने सूप खाली ठेवलं. अक्काकडे बघायची तिची छाती झाली नाही. वर फटीकडे बघत एवढंच म्हणाली, "भिंत वरपातूर न्हाई ना, भाऊजी."

लाईनीतल्या प्रत्येक बाईच्या कानात त्या वेळी खलबत्ता वाजला असणार. कुणी कुणाकडे बघेना. अक्का उठली आणि कप गोळा करायला लागली, अर्धे भरलेले सुद्धा. राजम्माने तिचा हात धरला आणि तमिळमध्ये काहीतरी हळू बोलली. माफी मागितली असेल, कोण जाणे. अक्काने मान हलवली आणि हात सोडवून घेतला. सिनेमा शेवटपर्यंत चालला. नायिकेचं लग्न झालं, गाणं झालं. तो पाकातला आवाज पुन्हा आला आणि शेवटपर्यंत बोलत राहिला.

दुसऱ्या दिवशी नळावर अक्का आईला म्हणाली, "वैनी, सगळा सिनेमा मीच बोलले हुते. मल्लीची शपथ." आई म्हणाली, "शपथ कशाला घालती? मला ठाव हाय." अक्काने मग सांगितलं. कधी कधी असं करतात. तयार झालेल्या सिनेमातलं बोलणं पुसून नाव असलेल्या बाईकडून पुन्हा करून घेतात. पण रडणं पुन्हा करायचा त्रास फार असतो. ते ओठांवर बसत नाही, श्वासावर बसवावं लागतं. म्हणून जुनंच राहू देतात. तिला कुणी कळवलं नव्हतं. कळवणार तरी कुठे, ती वेल्लोरकडच्या खेड्यात नवी सून म्हणून भात कांडत होती. आई म्हणाली, "मग रडनं तर तुझंच राहिलं ना?" अक्काची बादली भरून वाहायला लागली होती. ती म्हणाली, "वैनी, बोलनं समद्यांनी ऐकायचं हुतं. रडनं कुनीच ऐकायचं नव्हतं."  आईने वाकून नळ बंद केला.

त्याच दुपारी मी मल्लीला हाक मारायला त्यांच्या दारात गेले. अक्का बाजारात गेली होती. मशीन संध्याकाळी परत करायचं होतं. अण्णा एकटा टीव्हीपुढे जमिनीवर बसला होता, बनियनवर, आणि तेवढाच तुकडा मागे घेऊन पुन्हा लावत होता. ती दारात बसायची, श्वास अडकायचा, बारीक आवाज निघायचा. अण्णा बटण दाबायचा. पुन्हा दारात बसायची. मी उभी आहे हे त्याला कळलंच नाही. एवढ्यात मशीनने घरघर केली, चित्र फाटलं आणि फीत आत गुंतली. त्याने झाकण उघडून बोटांनी सोडवायला घेतली, तर आतून चुरगळलेली काळी फीत लांबच लांब बाहेर यायला लागली. शेवटी कात्री आणली. खराब झालेला भाग कापला, दोन टोकं चिकटपट्टीने जोडली. कापलेला तुकडा हातात धरून बराच वेळ बसला होता. अक्काला त्याने काय सांगितलं माहीत नाही. वरच्या फटीतून त्या रात्री फक्त त्याचाच आवाज येत होता, हळू, अडखळत, आणि तिचा मुळीच नाही. आईने कान असूनही नसल्यासारखं केलं आणि आम्हाला लवकर झोपवलं.

त्यानंतर अक्काने टीव्हीचा आवाज कधी बंद केला नाही. रविवारी पोरं ओरडायची, "अक्का, आता तू!" ती हसून म्हणायची, "चालू दे की. तीच बोलू दे." वर्षभरात त्यांची बदली झाली. ट्रंका टेम्पोत चढल्या. आईने वाटेत खायला भाकरी आणि चटणीचा डबा दिला. दोघी दारात उभ्या राहिल्या आणि काय बोलल्या, तर डबा परत पाठवायची गरज नाही एवढंच. सुरुवातीला पत्रं आली, मग पत्ते बदलले. आई मरेपर्यंत एकच गोष्ट घोकत राहिली, "मी तोंडावर हात ठिवून बसाया पायजे हुतं." मी म्हणायचे, "अगं, तू बोललीस म्हणून तर तिचं खरं ठरलं." ती म्हणायची, "तिला तसलं खरं नगं हुतं."

तो सिनेमा मी पुष्कळ शोधला. मूळ हिंदी मिळतो, रंग चढवून, स्वच्छ करून. तमिळमधला कुठेच नाही. मद्रासकडच्या लोकांना विचारलं, ते म्हणाले, असले डब केलेले सिनेमे कोण जपून ठेवतंय, मूळ असताना! नगरातला व्हिडिओवाला आता मोबाईलची कव्हरं विकतो. लोकांना मी मोठ्या ऐटीत सांगायचे, सिनेमा नसला तरी अक्काचा आवाज माझ्या कानात आहे.

आणि आत्ता, आई जाऊन वर्ष व्हायच्या आत, एका दुपारी फोन आला. अनोळखी नंबर. कुणी म्हातारी, घोगरा, फुटका आवाज. "सुमे, मी बोलते." मी म्हटलं, कोण मी? आजकाल फसवणारे मराठीतही बोलतात, मी आवाज चढवला, "बँकेचं काही असेल तर फोन ठेवा." ती म्हणाली, "सेल्वी. सेल्वी अक्का." मल्लीने कुठून तरी नंबर काढून दिला होता. मी कान देऊन ऐकत राहिले. काही ओळखीचं लागेना. लांबणारा 'लई' नाही, पोहणारा सूर नाही. एवढी वर्षं जो आवाज कानात आहे म्हणून मिरवले, तो होताच कुठं! तिने विचारलं, "वैनी कुठं हाय? वैनीला दे." मी सांगितलं.  मला वाटलं, फोन तुटला. मग श्वास आत ओढला गेला, अडकला.

ओळखलं मी. क्षणही लागला नाही. माझ्याकडेही तिचं तेवढंच राहिलं होतं.

मला कमी ऐकू येतं म्हणून फोन स्पीकरवर असतो. बाहेरच्या खोलीत मुलगा होता, सून होती, तिच्या माहेरची माणसं आली होती. सगळ्यांचं बोलणं थांबलं. सुनेने तर नीट ऐकू यावं म्हणून टीव्ही बारीक केला. मी फोन ओट्यावर ठेवला, फळीखालून आईचा खलबत्ता ओढला आणि कुटायला लागले. आत काही नव्हतं, मीठ सुद्धा नाही. ठण ठण ठण. सून धावत आली, "आई, अहो काय चाललंय!" मी थांबले.

फोनमधून अक्काचा आवाज आला, रडण्यातूनच.

"वाजव की गं," ती म्हणाली. "माझं सपलं न्हाई अजून."